‘माणूस’ची मैना : शांता हुबळीकर

मराठी बोलपटाच्या इतिहासात नगरचे नाव निघाले, की शाहू मोडक यांची आठवण होणे साहजिक आहे. १९१८ साली येथील एका ख्रिस्ती कुटुंबात जन्मलेल्या या नटाने ‘श्यामसुंदर’मध्ये (१९३२) कृष्ण रंगविला, तर ‘संत ज्ञानेश्वर’मध्ये (१९४०) साक्षात ज्ञानोबा. पण ‘माझा मुलगा’ (१९३८) आणि ‘माणूस’ (१९३९) या प्रभातच्या दोन चित्रपटांत त्यांच्यासमोर उभी राहिलेली नायिका आज किती जणांना ठाऊक आहे? तिच्याविषयी चार शब्द लिहावेत, असे मला वाटले.

शांता हुबळीकर यांचे मूळ नाव राजम्मा. जन्म हुबळीजवळील अदरगुंची गावचा. ‘भेदी राजकुमार’ (१९३४), ‘कान्होपात्रा’ (१९३७) ही त्यांची सुरुवातीची कामे. कीर्ती मिळाली ती व्ही. शांताराम यांच्या ‘माणूस’मुळे. कोठीवर गाणारी मैना आणि तिच्यावर जीव जडलेला पोलीस शिपाई गणपत यांची ही कथा. गणपत तिला आपल्या आईकडे नेतो. पण या घराला आपण योग्य नाही, ही बोच तिला तेथे राहू देत नाही. शेवटी तिच्या वाट्याला तुरुंगच येतो.

‘कशाला उद्याची बात’ हे अनंत काणेकरांचे गीत मास्टर कृष्णरावांनी चालीत बांधले. कोठीवर येणारी गिऱ्हाइके नाना प्रांतांची, म्हणून मैना ते निरनिराळ्या भाषांतून गाते. शांताबाईंच्या अभिनयाचे मर्म मला येथेच दिसते. ओठांवर बेफिकिरी असते. डोळे मात्र तिला साथ देत नाहीत. मैनेबद्दल त्या प्रेक्षकाकडे दयेची भीक मागत नाहीत. म्हणूनच ती मनात घर करते.

‘माणूस’नंतर वर्षभरातच मोडकांना ज्ञानेश्वर मिळाले. शांताबाईंनी पुढे कानडी ‘जीवन नाटक’सह आणखीही चित्रपट केले; परंतु मैनेच्या तोलाची भूमिका त्यांना पुन्हा लाभली नाही. माझ्या मते हा केवळ दैवाचा खेळ नव्हे. शिपाई झालेला नट उद्या संत झाला, तर प्रेक्षक त्याला हात जोडतो. कोठीवरची मैना साकारणाऱ्या नटीला मात्र तो त्या कोठीवरून खाली उतरू देत नाही. गणपतच्या घराचा उंबरठा मैनेला जड झाला, तसाच हा उंबरठा शांताबाईंनाही जड गेला असावा.

उतारवयात काही काळ त्यांना महिलाश्रमाचा आसरा घ्यावा लागला. त्यांनी आत्मचरित्र लिहिले आणि त्याला नाव दिले ‘कशाला उद्याची बात’. १९९२ साली त्यांचे निधन झाले. पुढच्याच वर्षी शाहू मोडकही गेले. नगरकरांनी मोडकांचा अभिमान जरूर बाळगावा. पण गणपतचे मोठेपण ज्या मैनेमुळे कळले, तिला विसरू नये, एवढेच माझे सांगणे.