मीर सुलतान खान : दोन पद्धतींच्या बुद्धिबळाचा खेळाडू

बुद्धिबळाचा पट चौसष्ट घरांचा असतो, हे मुलांस ठाऊक असते. परंतु त्याच पटावर दोन निराळ्या पद्धतींनी खेळ चालत आला आहे, ही गोष्ट फार थोड्यांस ठाऊक असते. देवळाच्या ओवरीत किंवा गावच्या पारावर जुनी मंडळी जो डाव मांडीत, तो हिंदी पद्धतीचा. आज स्पर्धांतून खेळला जातो तो युरोपात घडलेला. ह्या दोहोंतील भेद समजल्यावाचून मीर सुलतान खान यांची थोरवी नीट उमगत नाही. म्हणून आधी तो पाहणे इष्ट होय.

हिंदी पद्धतीत प्रांतोप्रांती थोडाबहुत फरक असे. तथापि सामान्यतः प्यादे पहिल्या चालीसही एकच घर पुढे सरके. युरोपीय पद्धतीत त्यास आरंभी दोन घरे चालण्याची मुभा आहे. प्यादे पटाच्या दुसऱ्या टोकास पोचले म्हणजे ते ज्या मोहऱ्याच्या घरात पोचेल त्याचेच रूप त्यास मिळे : हत्तीच्या घरी हत्ती, घोड्याच्या घरी घोडा. युरोपीय खेळाडू मात्र बहुधा प्रत्येक वेळी वजीरच मागून घेतो. राजास हत्तीच्या आडोशास नेण्याचा किल्लेकोट हिंदी खेळात नव्हता. त्याऐवजी राजास एकदा घोड्यासारखी उडी घेता येई. ह्या नियमांमुळे हिंदी डावाचा आरंभ संथ असे. दोन्ही बाजूंची फौज सावकाश मांडली जाई आणि खरी झुंज पुढे जुंपे. युरोपीय डावात पहिल्या चार-पाच चालींतच चकमक होऊ शकते. त्यामुळे तेथे आरंभीच्या चालींचे एक स्वतंत्र शास्त्रच निर्माण झाले आणि त्यावर ग्रंथांमागून ग्रंथ लिहिले गेले.

सुलतान खान यांचा जन्म विसाव्या शतकाच्या आरंभी पंजाबातील मिठा टिवाणा या गावी झाला. हे गाव आज पाकिस्तानात आहे. वयाच्या नवव्या वर्षी वडिलांकडून ते हिंदी पद्धतीचे बुद्धिबळ शिकले आणि विशीत असतानाच पंजाबातील उत्तम खेळाडू म्हणून ओळखले जाऊ लागले. सर उमर हयात खान या मोठ्या जमीनदाराने त्यांस आपल्या आश्रयास घेतले व युरोपीय पद्धत शिकण्याची सोय करून दिली. 1928 साली अखिल भारतीय स्पर्धा त्यांनी एकही डाव न गमावता जिंकली. पुढील वर्षी, 1929 च्या वसंत ऋतूत, आश्रयदात्यासमवेत ते लंडनला पोचले.

तेथील पहिला अनुभव उत्साहजनक नव्हता. सरावासाठी भरविलेल्या एका छोट्या स्पर्धेत ते तळाशी राहिले. आरंभीच्या चालींचे ग्रंथगत ज्ञान त्यांच्यापाशी नव्हते आणि इंग्लंडची थंड, दमट हवा त्यांस मानवत नव्हती. सर्दी, घशाचे विकार व हिवताप यांनी ते वारंवार बेजार होत. विल्यम विंटर व फ्रेड येट्स या इंग्रज खेळाडूंनी त्यांस आरंभीच्या चालींचे शिक्षण दिले. हे दोघेही ब्रिटिश अजिंक्यपदाच्या स्पर्धेतील नामांकित खेळाडू. म्हणजे उद्याच्या प्रतिस्पर्ध्यास त्यांनी आपण होऊन तयार केले, ही गोष्ट सहज विसरली जाते. थोड्याच महिन्यांनी रॅम्सगेट येथे ब्रिटिश अजिंक्यपदाची स्पर्धा झाली आणि ती सुलतान खान यांनी जिंकली. 1932 व 1933 साली ते अजिंक्यपद त्यांनी पुन्हा मिळविले. 1933 मध्ये त्याच घरातील मिस फातिमा ह्यांनी स्त्रियांचे ब्रिटिश अजिंक्यपद जिंकले, हाही एक नवलाचा योग होय.

त्यांचा सर्वांत गाजलेला डाव हेस्टिंग्ज येथील 1930-31 च्या स्पर्धेतील आहे. समोर क्यूबाचे होसे राउल कापाब्लांका बसले होते. हे 1921 ते 1927 पर्यंत जगज्जेते होते आणि डाव हरणे ही त्यांच्या बाबतीत दुर्मीळ घटना मानली जाई. सुलतान खान पांढऱ्या मोहऱ्यांनी खेळत होते. त्यांच्या चालींत चमकदार बलिदान नव्हते की अकस्मात हल्ला नव्हता. त्यांनी आपला वजीर देऊन कापाब्लांकांचे दोन हत्ती घेतले, आणि मग घाई न करता, एकेक घर बळकावीत, 65 चालींत डाव जिंकला. हिंदी पद्धतीच्या संथ झुंजीत कमावलेला धीर येथे उपयोगी पडला असे म्हणावयास हरकत नाही. डावाच्या मध्यात व अखेरीस त्यांची दृष्टी विलक्षण स्वच्छ असे; उणीव असे ती आरंभापुरतीच. त्या स्पर्धेत मॅक्स यूवे पहिले, कापाब्लांका दुसरे व सुलतान खान तिसरे आले. पुढे कापाब्लांका यांनीच त्यांच्या बुद्धीस असामान्य प्रतिभा म्हणून गौरविले.

1931 साली त्यांनी टार्टाकोवर यांस बारा डावांच्या सामन्यात साडेसहा विरुद्ध साडेपाच गुणांनी हरविले. त्याच वर्षी प्राग येथील ऑलिंपियाडमध्ये इंग्लंडच्या पहिल्या पटावर बसून सतरांपैकी आठ डाव जिंकले, सात बरोबरीत सोडविले आणि केवळ दोन गमावले. फ्लोर व रुबिनस्टाइन यांस तेथे त्यांनी पराभूत केले. जगज्जेते आल्योखिन यांच्याशी डाव बरोबरीत सुटला.

आणि मग हे सारे थांबले. 1933 च्या अखेरीस सर उमर हयात खान मायदेशी परतले. त्यांच्याबरोबर सुलतान खान यांसही परतावे लागले. युरोपातील स्पर्धा आश्रयावर अवलंबून होत्या. आश्रय संपला तेव्हा स्पर्धाही संपल्या. 1935 साली व्ही. के. खाडिलकर यांच्याशी त्यांचा दहा डावांचा सामना झाला. त्यात केवळ एक डाव बरोबरीत सुटला, उरलेले सर्व सुलतान खान यांनी जिंकले. त्यानंतर सरगोध्याच्या परिसरात शेती करीत त्यांनी आयुष्य घालविले. अवघ्या पाच वर्षांची ही कारकीर्द होय.

1950 साली जागतिक बुद्धिबळ संघटनेने ‘ग्रँडमास्टर’ हा किताब प्रथमच अधिकृतपणे दिला. त्या पहिल्या सत्तावीस मानकऱ्यांत यूवे, फ्लोर, टार्टाकोवर व रुबिनस्टाइन हे होते. रुबिनस्टाइन तर 1930 नंतरच्या आरंभीच्या वर्षांतच मोठ्या स्पर्धांतून निवृत्त झाले होते. पूर्वीच्या पराक्रमाबद्दल त्यांस हा मान मिळाला आणि तो योग्यच होता. ह्या चौघांपैकी तिघांस ज्यांनी हरविले होते ते सुलतान खान त्या वेळी हयात होते. त्यांचे नाव मात्र यादीत आले नाही. 25 एप्रिल 1966 रोजी क्षयाने त्यांचे निधन झाले. विश्वनाथन आनंद हे 1988 साली भारताचे पहिले ग्रँडमास्टर झाले. सुलतान खान यांस मानद ग्रँडमास्टर हा किताब मिळाला तो फेब्रुवारी 2024 मध्ये, मृत्यूनंतर सुमारे अठ्ठावन्न वर्षांनी. पाकिस्तानात पोचलेला हा पहिलाच ग्रँडमास्टर किताब होता.

हा पाठ तिसरी-चौथीच्या वर्गात घेताना केवळ विजयांची यादी सांगून भागणार नाही. ती मुले दुसऱ्या दिवशी विसरतील. फळ्यावर पट आखावा, किंवा अंगणात खडूने चौसष्ट घरे काढावीत आणि गुंड्या-चिंचोक्यांची मोहरी करावीत. प्रथम एक डाव हिंदी नियमांनी दहा-बारा चाली खेळवावा, नंतर दुसरा युरोपीय नियमांनी. प्रत्येक डावात पहिले प्यादे कितव्या चालीस मारले गेले, याची नोंद मुलांनी पाटीवर ठेवावी. गावात जुन्या पद्धतीने खेळणारे एखादे आजोबा असल्यास त्यांस त्या दिवशी शाळेत अवश्य बोलवावे. बुर्जीसारख्या जुन्या संज्ञांचा अर्थ मुलांनी त्यांच्याच तोंडून ऐकावा.