सूर्याने दिलेला : हेलिओदोर, भानुदास आणि आमच्या घरातलं बारसं



आजचं वाचन : श्रीमद्भगवद्गीता, अध्याय १६, श्लोक १ ते ३.

या तीन श्लोकांत भगवंत दैवी संपत्तीचे सव्वीस गुण सांगतात. अभय पहिला. पहिल्याच श्लोकात दम येतो, दुसऱ्यात त्याग. मी हे श्लोक पाठ केलेले आहेत, आणि खरं सांगायचं तर पाठ केल्यामुळेच त्यांच्यावरून जीभ घसरत पुढे जाते. गेल्या महिन्यात मात्र मी यातल्या दोन शब्दांपाशी अडकलो, आणि अडकलो तो एका ग्रीक नावामुळे.

नावांची एक्सेल शीट

आम्हाला मुलगा झाला. मी सॉफ्टवेअरवाला माणूस, त्यामुळे नाव शोधायला लगेच शीट उघडली. नाव, अर्थ, मूळ भाषा, उच्चाराला सोपं का, आणि शेवटचा रकाना : "वर्गात दुसरा कुणी या नावाचा असेल का?" हा शेवटचा रकाना आमच्यासाठी सगळ्यात महत्त्वाचा होता. पुण्यात आमच्या सोसायटीत तीन आरव आणि दोन विहान आहेत, त्यामुळे आपलं नाव एकमेव हवं.

अशातच सिरसाळ्याहून बाबांचा फोन आला. सिरसाळा म्हणजे आमचं गाव, बीड जिल्ह्यात, परळी तालुक्यातलं. बाबा म्हणाले, "आण्णांचं नाव ठेवा म्हणतो मी." आण्णा म्हणजे माझे आजोबा. घरच्यांची नावं मी इथे लिहीत नाही, एवढंच सांगतो की आण्णांच्या नावात सूर्य होता. आपल्या मराठवाड्यात अशी नावं घरोघरी होती : सूर्यभान, भानुदास, भास्कर.

मी पटकन बोलून गेलो, "बाबा, असलं जुनं नाव आता कोण ठेवतं? शाळेत पोरं हसतील त्याला."

पलीकडे थोडा वेळ काहीच नाही. मग, "बरं. तुमचं तुम्ही बघा." आणि फोन आईकडे गेला.

मी पुन्हा शीटकडे वळलो. 'अगदी दुर्मिळ' अशी चाळणी लावल्यावर वर आलेलं एक नाव होतं हेलिओडोरस. मूळ ग्रीक. अर्थ : सूर्याची देणगी. मी हसलो. म्हणजे बघा, आण्णांच्या नावातला सूर्य मला जुनाट वाटला आणि ग्रीक कपड्यात तोच सूर्य 'युनिक' म्हणून यादीत वर आला!

नावाची फोड

हे नाव दोन तुकड्यांचं आहे. 'हेलिओस' म्हणजे सूर्य, 'डोरॉन' म्हणजे देणगी. भाषाशास्त्र सांगतं की ग्रीक आणि संस्कृत या दूरच्या बहिणी. 'हेलिओस' आणि आपला 'सूर्य' हे एकाच जुन्या मुळातून आलेले शब्द. 'डोरॉन'मधला धातू आणि आपल्या 'दान'मधला 'दा' धातू, हेही एकाच मुळाचे. म्हणजे हेलिओडोरसचं सरळ मराठी होतं सूर्यदत्त.

याच साच्यातलं दुसरं नाव थिओडोरस, म्हणजे देवदत्त. आजकाल परदेशातल्या आपल्या मित्रांच्या मुलांमध्ये 'थिओ' ऐकू येतं ना, ते याच 'थिओडोर'चं लाडकं रूप. आणि ज्याच्या नावात 'दत्त' आहे, त्याचं नाव एकच गोष्ट सांगतं : हे बाळ आम्ही मिळवलेलं नाही, आम्हाला दिलेलं आहे.

विदिशाचा हेलिओदोर

आता या नावाचा माणूस बघा. मध्य प्रदेशात विदिशाजवळ बेसनगरला एक दगडी खांब उभा आहे. त्यावर ब्राह्मी लिपीत, प्राकृत भाषेत लेख आहे. काळ इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकाचा शेवट, साधारण इ.स.पू. ११३. लेखाचा आशय असा : देवांचा देव जो वासुदेव, त्याचा हा गरुडध्वज तक्षशिलेच्या हेलिओदोराने उभारला. हा दिऑनचा मुलगा, अंतलिकित (म्हणजे अँटिआल्किडास) या यवन राजाचा दूत म्हणून काशीपुत्र भागभद्र राजाकडे, त्याच्या राज्याच्या चौदाव्या वर्षी आलेला. आणि स्वतःची ओळख देताना तो एक शब्द वापरतो : भागवत. भगवंताचा भक्त.

एक ग्रीक वकील परमुलखात नोकरीवर आलेला असतो. काम काय, तर या राजाचा निरोप त्या राजाला पोचवणं. तो माणूस वासुदेवासाठी खांब उभारून जातो. आणि मला सगळ्यात भिडलेली गोष्ट ही की त्याने नाव बदललं नाही. आईबापांनी दिलेलं हेलिओदोर तसंच ठेवलं, वडिलांचं नावही लेखात लिहिलं, आणि त्या नावापुढे 'भागवत' जोडलं. पहिलं त्याला मिळालेलं होतं, दुसरं त्याने जगून घेतलेलं.

पुढची गंमत ऐका. हा लेख कित्येक शतकं कुणाला दिसतच नव्हता. १८७७ मध्ये अलेक्झांडर कनिंगहॅम तिथे पोचले तेव्हा खांबावर शेंदराचा जाड थर होता. गावचे लोक त्याला 'खांब बाबा' म्हणून पूजत होते. १९०९ मध्ये ग्वाल्हेरच्या शिंदे संस्थानातले इंजिनिअर लेक यांना शेंदराखाली अक्षरं असल्याचं जाणवलं, थर काढला आणि हेलिओदोर पुन्हा बोलला. (इंजिनिअर मंडळींनो, कॉलर ताठ करायला हरकत नाही.) नंतर १९१३ ते १९१५ या काळात तिथे उत्खनन केलं ते आपल्या देवदत्त रामकृष्ण भांडारकरांनी. सूर्यदत्ताच्या खांबाशी खोदायला देवदत्त आला! ग्रीकमध्ये म्हणायचं तर हेलिओडोरसकडे थिओडोरस आला.

आपल्या नाशकातला यवन

विदिशा लांब वाटत असेल तर नाशिकला या. पांडवलेण्यांतल्या १७ क्रमांकाच्या लेण्यात एका यवनाचा लेख आहे. तो स्वतःला उत्तरेकडच्या दात्तामित्री गावचा म्हणवतो. हे गावाचं नाव दिमित्रियस या यवन राजावरून पडलं असं अभ्यासक मानतात. पण या माणसाचं स्वतःचं नाव काय? इंद्राग्निदत्त. वडील धर्मदेव, मुलगा धर्मरक्षित. घराणं यवनांचं, नावं पूर्णपणे इथली, आणि त्यातही 'दत्त' आहेच. त्याने हे लेणं बौद्ध भिक्षुसंघाला दिलं, आणि दिलं ते आपल्या आईवडिलांसाठी, मुलाला सोबत घेऊन.

त्या लेखात तीन पिढ्यांची नावं एकत्र उभी आहेत. ते वाचताना मला माझ्या कागदांची आठवण झाली. आपली पद्धत बघा : स्वतःचं नाव, वडिलांचं नाव, आडनाव. माझ्या आधारवर बाबा आहेत, माझ्या मुलाच्या जन्मदाखल्यावर मी आहे. आण्णा कुठेच नाहीत. ज्या माणसाने शेताचा तुकडा विकून माझी इंजिनिअरिंगची पहिल्या वर्षाची फी भरली, त्याचं नाव माझ्या एकाही कागदावर नाही. दोन पिढ्यांत नाव गळून पडतं. म्हणून तर आपल्याकडे नातवाला आजोबांचं नाव ठेवायचे. मला जे 'जुनाट' वाटलं ते खरं तर आण्णांचं नाव घरात राहावं म्हणून बाबांनी केलेली एकच विनंती होती, आणि मी ती शाळेतल्या पोरांच्या हसण्यापायी उडवून लावली.

तीन पावलं

आता पुन्हा आजच्या वाचनाकडे येऊ. हेलिओदोराच्या खांबावर खाली आणखी दोन ओळी आहेत. त्यांचा अर्थ : अमृताकडे नेणारी तीन पावलं नीट आचरली की स्वर्ग मिळतो, ती म्हणजे दम, त्याग आणि अप्रमाद. महाभारताच्या स्त्रीपर्वात विदुर धृतराष्ट्राला हेच तीन गुण सांगतो, तिथे ते ब्रह्माकडे नेणाऱ्या रथाचे तीन घोडे आहेत. दम आणि त्याग आपल्या आजच्या श्लोकांत आहेत. अप्रमाद सोळाव्यात नाही, पण चौदाव्या अध्यायात भगवंत प्रमादाला तमोगुणाची खूण म्हणतात, म्हणजे उलट बाजूने तोच धडा.

दम म्हणजे इंद्रियांवर ताबा. आपण म्हणतो, मी कांदा-लसूण सोडलाय, एकादशी करतो. चांगलंच आहे. पण जीभ हे इंद्रिय खाण्याइतकंच बोलण्याचंही आहे. बाबांशी बोलताना माझा दम दोन सेकंदसुद्धा टिकला नाही.

त्याग म्हणजे सोडणं. मला वाटायचं, माझ्याकडे सोडण्यासारखं आहे काय, ईएमआय? पण मुलाचं नाव 'एकमेव' असण्याचा हट्ट, त्यातून माझी निवड किती भारी हे चारचौघांत दिसावं ही हौस, हीसुद्धा एक मालमत्ताच आहे. ती सोडताना दुखतं, म्हणजे ती होती.

अप्रमाद म्हणजे बेसावध न राहणं. आमच्या कामात सर्व्हर एकदम कोसळत नाही. आधी लॉगमध्ये बारीक इशारे येत असतात, आपण ते वाचत नाही. "बरं, तुमचं तुम्ही बघा" हा तसाच इशारा होता. आवाज चढला नाही, भांडण झालं नाही, म्हणून मी समजलो की विषय संपला.

भानुदासांचं घर

आपल्या मराठवाड्यातच याचा सुंदर दाखला आहे. पैठणचे संत भानुदास. लहानपणी वडील रागावले म्हणून हा मुलगा एका जुन्या देवळात जाऊन बसला आणि तिथे त्याने सूर्याची उपासना केली, अशी कथा सांगतात. म्हणून भानुदास, सूर्याचा दास. पुढे ते विठ्ठलाचे एवढे मोठे भक्त झाले की विजयनगरला गेलेली पंढरीची मूर्ती त्यांनी परत आणली असं परंपरा मानते. नावात सूर्य, हृदयात पांडुरंग. हेलिओदोराचंही तेच : नावात सूर्य, खांबावर वासुदेव. भानुदासांचा मुलगा चक्रपाणी, नातू सूर्यनारायण, आणि पणतू म्हणजे आपले एकनाथ महाराज. नातवाच्या नावात सूर्य पुन्हा उगवला, दिसलं?

आणि ज्ञानेश्वरीचा सोळावा अध्याय उघडून बघा. माउली दैवी गुणांकडे वळण्याआधी श्रीगुरूंना सूर्य म्हणून वंदन करतात. सूर्य आपल्याकडून काही मागत नाही, फक्त देतो. त्याच्या नावाचं मूल म्हणजे दिलेलं मूल.

बारसं

मी बाबांना फोन केला. माफी वगैरे मागायची आमच्याकडे पद्धत नाही, त्यामुळे म्हणालो, "बारसं गावीच करू. आण्णांचं नाव ठेवू." बाबा म्हणाले, "दाखल्यावर तुमचं ठेवा, पाळण्यात आण्णांचं ठेवा. पोराला त्रास नको." म्हणजे तडजोडही त्यांनीच केली.

सिरसाळ्याच्या घरात पाळणा बांधला. बायकांनी गोविंदाच्या आणि गोपाळाच्या नावाने बाळाला पाळण्याच्या वरून-खालून फिरवलं. तेव्हा लक्षात आलं की आपल्याकडे प्रत्येक बाळाला स्वतःच्या नावाआधी वासुदेवाचं नाव मिळतं. मग आत्याने कानात कुर्र करून आण्णांचं नाव सांगितलं.

आता अडचण अशी की ते नाव घेऊन हाक मारणार कोण? आजीने आयुष्यात नवऱ्याचं नाव तोंडाने घेतलेलं नाही. आई सासऱ्याचं नाव घेत नाही. बाबांना स्वतःच्या वडिलांच्या नावाने "ए, इकडे ये" म्हणवत नाही. मग आजीनेच मार्ग काढला. ती बाळाला "मालक" म्हणते. संध्याकाळी ओट्यावर मांडीवर घेऊन बसते आणि विचारते, "मालक, झोप झाली का?" बाबा शेजारी बसून असतात, काही बोलत नाहीत, फक्त पाळण्याची दोरी हातात धरून ठेवतात.

मला खांब बाबा आठवला. नाव शेंदराखाली झाकलेलं, आणि पूजा चालूच.

आजचा अभ्यास

१. तुमच्या पणजोबांचं नाव माहीत आहे का? नसेल तर आज घरी फोन करून विचारा. पणजीचंही विचारा, ते तर अजून लवकर विसरलं जातं.

२. तुमच्या स्वतःच्या नावाचा अर्थ एका कागदावर लिहा. त्याखाली हेलिओदोरासारखा एक शब्द लिहा, जो तुम्हाला कुणी दिलेला नाही, जगून मिळवायचा आहे.

३. दम, त्याग, अप्रमाद यातलं एक पाऊल निवडा. फक्त आजच्या दिवसासाठी, आणि फक्त घरातल्या एका माणसाशी बोलताना.

उद्या चौथा श्लोक, आसुरी संपत्तीचा. दंभ आणि दर्प त्यात सुरुवातीलाच येतात. माझी नावांची शीट मी अजून डिलीट केलेली नाही, उद्याच्या उदाहरणासाठी ठेवली आहे.

राम कृष्ण हरी.