चाफा म्हणालीस, पण कोणता?

अगं, झाडांची नावं शिकायला लागलीस हे ऐकून फार बरं वाटलं. ‘लॅटिन नावं तोंडात बसत नाहीत, मराठी नावंच पुरेत की’ असं म्हणालीस, तेही मला कळतं. पण जरा बैस माझ्याजवळ. दोन्ही नावं का लागतात ते नीट सांगते.

चाफ्याचंच बघ. देवळासमोरचा, निष्पर्ण फांद्यांवर पांढरी फुलं मिरवणारा तो चाफा. वेणीत माळतो तो सोनचाफाही चाफा. आणि पानाआड लपलेला, नुसत्या वासाने सापडणारा हिरवा चाफाही चाफाच. पण या तिघांचं एकमेकांशी जवळचं नातं नाही. पांढऱ्या चाफ्याचं पान खुडलंस की पांढराशुभ्र चीक येतो. फुलाला पाच पाकळ्या, एकीची कड दुसरीखाली दडलेली. तो प्लुमेरिया, मूळचा अमेरिकेकडचा. सोनचाफ्याला चीक नाही. त्याच्या कोवळ्या फांदीवर प्रत्येक पानापाशी एक बारीक वळं उमटलेलं दिसेल. तो मॅग्नोलिया चंपाका. हिरव्या चाफ्याचा देठ आकड्यासारखा वळलेला असतो, त्या आकड्याने तो आधार धरून वर चढतो. पाकळ्या सहा, म्हणून आर्टाबॉट्रिस हेक्सापेटॅलस. तो चक्क सीताफळाच्या कुळातला!

आता शास्त्रीय नाव कसं वाचायचं? शाळेच्या हजेरीपटात आडनाव आधी आणि नाव नंतर असतं ना, तसंच. पहिला शब्द वंशाचा, दुसरा त्यातल्या नेमक्या जातीचा. रोमन लिपीत लिहिताना पहिल्या शब्दाचं पहिलं अक्षर मोठं, दुसरा शब्द सगळा लहान अक्षरांत आणि दोन्ही तिरप्या टायपात. कार्ल लिनियस या स्वीडिश शास्त्रज्ञाने १७५३ साली ‘स्पीशीज प्लांटारम’ या ग्रंथात ही दोन शब्दांची पद्धत वनस्पतींना सरसकट लावली. त्याआधी एकेका झाडाचं नाव म्हणजे लॅटिनमधलं लांबलचक वर्णन असायचं.

आणि ही नावं परकी म्हणून बिचकू नकोस. सोनचाफ्याचं चंपाका आपल्याकडचंच. बकुळ म्हणजे मिम्युसॉप्स एलेंगी. त्यातलं एलेंगी मलबारातल्या बोलीतलं. कासच्या पठारावरच्या वायतुऱ्याच्या नावात तर सातारा आहे, अ‍ॅपोनोजेटॉन सातारेन्सिस. आपट्याचा आणि कांचनाचा वंश बाउहिनिया. बाउहिन नावाचे दोन भाऊ होते, दोघेही वनस्पतींचे अभ्यासक. पान एकच पण टोकाशी दुभंगून दोन झालेलं, म्हणून या वंशाला त्या भावांचं नाव. हे एकदा कळलं की पुन्हा विसरशील का, सांग?

दसऱ्याला मात्र आपट्याची आणि कांचनाची गल्लत होते. आपट्याच्या नावावर बाजारात कांचनाच्या फांद्या येतात. आपट्याचं पान लहान, जाडसर, हाताला खरखरीत. कांचनाचं पान बरंच मोठं आणि फूलही मोठं, गुलाबी-जांभळ्या छटेचं. आपट्याची फुलं बारीक, फिकट, तुऱ्यात येणारी. त्याच्या बाउहिनिया रेसिमोसा या नावातलं रेसिमोसा त्या तुऱ्यांवरूनच.

एका बाबतीत मात्र तुला बजावूनच सांगते. औषध म्हणून काही घ्यायची वेळ आली तर नुसत्या बोलीनावावर कधीही विसंबू नकोस. सोसायटीच्या भिंतीलगत उंच, सरळसोट वाढणाऱ्या झाडाला सगळे अशोक म्हणतात. पण आयुर्वेदातला अशोक तो नव्हे. आयुर्वेदातला तो सीताअशोक, साराका असोका, केशरी-लाल फुलांच्या गुच्छांचा. कण्हेर आणि पिवळी कण्हेर, म्हणजे आपली बिट्टी, यांचे वंश वेगळे, पण कुळ एक आणि दोन्ही विषारी. बिट्टीची बी हृदयावर घात करते. दारात ही झाडं असली तर घरातल्या लहान मुलांना आधीच सांगून ठेव.

शास्त्रीय नावं बदलतातही. सोनचाफा जुन्या पुस्तकात मिशेलिया चंपाका म्हणून भेटेल. गोंधळू नकोस; नातं नव्याने तपासलं की वंश बदलतो. म्हणून वहीत जुनं नावही कंसात लिहून ठेवत जा.

पण म्हणून बोलीनाव कमी मोलाचं समजू नकोस हं. कोणत्या गावात काय म्हणतात, कशाला वापरतात, कधी फुलतं, हे फुलवाल्या मावशींना, गुराख्याला, आपल्या आजीला ठाऊक असतं. ती माणसं आहेत तोवर विचारून घे. नावापुढे गावाचं नाव आणि तारीख टाक, कारण तेच नाव पुढच्या तालुक्यात भलत्याच झाडाला असू शकतं.

सुरुवात गल्लीतल्याच झाडांपासून कर. एका झाडाला वहीचं एक पान. आधी पान, चीक, पाकळ्या, फळ स्वतःच्या डोळ्यांनी बघून लिही, मग बोलीनाव, मग शास्त्रीय नाव. फोनमधलं अ‍ॅप सांगेल ते शेवटी पडताळून बघ, आधी नको. या पावसाळ्यात मोजकीच झाडं ओळखीची झाली तरी चालेल. पण ज्याचं नाव घेशील ते का म्हणून तेच, हे तुला सांगता आलं पाहिजे.