बाजाराची सत्ता, नियोजनाची सत्ता आणि आपण



वाशी, नेरूळ, घणसोली, कळंबोली या वसाहतींत आज आपली पुष्कळ कुटुंबे राहतात. कुणी ठाणे-बेलापूर पट्ट्यातील कारखान्यात कामाला जातो, कुणी वाशीच्या घाऊक बाजारात माल उतरवतो, कुणी न्हावा-शेवा बंदरात राबतो, कुणी कचेरीत बसतो. या वसाहती आपोआप उगवलेल्या नाहीत. रस्ता कोठून जावा, शाळा कोठे असावी, घरे किती चौरस मीटरची असावीत, हे आधी कागदावर ठरले आणि मग विटा आल्या. परंतु त्या घरात महिन्याला किती पगार यावा, हे मात्र बहुतेकांच्या बाबतीत बाजार ठरवतो. म्हणजे नियोजन आणि भांडवल या दोन शक्तींच्या मधोमध आपला संसार उभा आहे.

भांडवलशाही आणि समाजवाद हे शब्द आपण सभांतून नेहमी ऐकतो. कुणी पहिलीला शिव्या देतो, कुणी दुसऱ्याला. ऐकणाऱ्याने मात्र टाळी वाजवण्यापूर्वी इतिहास पाहावा. या पाठात आपण प्रत्येक व्यवस्थेला एकच प्रश्न विचारणार आहोत : कामाचा आणि मोबदल्याचा निर्णय कोण घेतो, आणि ज्याच्यावर तो निर्णय येऊन पडतो त्याला 'नाही' म्हणता येते काय?

१. वतनाची व्यवस्था

भांडवलशाहीच्या आधी आपले वाडवडील कोणत्या अर्थव्यवस्थेत राहत होते? ती वतनाची आणि बलुत्याची व्यवस्था होती. काम जन्माने ठरत असे. महाराने गावाची आणि सरकारची पडेल ती कामे करावयाची, वेळीअवेळी सांगावा घेऊन धावावयाचे, आणि मोबदल्यात वतनाचा जमिनीचा तुकडा व गावकऱ्यांनी दिलेले बलुते घ्यावयाचे. बलुते दिले नाही तर दाद कोठे मागावी? आणि काम नाकारले तर वतन जाण्याची भीती. एक नोकर आणि मालक मात्र सारे गाव, अशी ही नोकरी होती.

ही बेडी तोडण्यासाठी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९२८ साली मुंबई कायदेमंडळात वतन कायद्याच्या दुरुस्तीचे विधेयक मांडले. कनिष्ठ ग्रामवतने रद्द करणारा कायदा मुंबई राज्यात १९५८ साली झाला. म्हणजे तो होण्यास तीस वर्षे लागली. या व्यवस्थेत ना बाजार होता, ना योजना. आणि आपल्या प्रश्नाचे उत्तर स्पष्ट 'नाही' असे होते.

२. भांडवलशाही : गिरणीचा धडा

भांडवल म्हणजे केवळ पैसा नव्हे. जो पैसा यंत्र, कच्चा माल आणि माणसाचे श्रम विकत घेऊन त्यांतून अधिक पैसा निर्माण करतो, ते भांडवल. इंग्लंडमध्ये अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात यंत्रयुग सुरू झाले. मुंबईत १८५४ साली कावसजी नानाभाई दावर यांनी कापड गिरणीची कंपनी काढली आणि १८५६ साली ताडदेवला ती गिरणी सुरू झाली.

बाजार किती बेभरवशाचा असतो, हे मुंबईने लौकरच पाहिले. १८६१ साली अमेरिकेत यादवी युद्ध पेटले. तिकडचा कापूस विलायतेस मिळेना. म्हणून आपल्याकडील कापसास सोन्याचा भाव आला आणि मुंबईत शेअरांचे वेड माजले. १८६५ साली युद्ध संपले, भाव कोसळले आणि कंपन्या व पेढ्या बुडाल्या. कापूस पिकवणाऱ्याने युद्ध सुरूही केले नव्हते आणि थांबवलेही नव्हते.

तरीही एक गोष्ट मान्य केली पाहिजे. गिरणीने आपल्या माणसास गावाबाहेर पडण्याची वाट दिली. शहरात रोख मजुरी होती. पाटलाच्या दारात उभे राहण्याची गरज नव्हती. वतनाला 'नाही' म्हणण्याची ही पहिली संधी होय.

पण पैशाला जात नसते, ही समजूत कितपत खरी? गिरणीत विणकाम खात्यात मजुरी अधिक होती. त्या खात्यात अस्पृश्यांना घेत नसत. कारण असे की, धोट्यातील धागा तोंडाने ओढावा लागे, आणि अस्पृश्याचे तोंड लागलेला धोटा इतर कामगारांस चालत नसे. १९२८ च्या मोठ्या संपाच्या वेळी बाबासाहेबांनी हा प्रश्न उघडपणे मांडला. मालकाला नफा हवा होता आणि कामगार संघटनेला एकजूट. परंतु विणकाम खात्याचे दार दोघांनीही आपणहून उघडले नाही.

कामाच्या तासांचेही तसेच. साप्ताहिक सुट्टी मिळावी म्हणून सत्यशोधक नारायण मेघाजी लोखंडे यांना लढावे लागले; १८९० साली गिरणी कामगारांस रविवारची सुट्टी मिळाली. कापड गिरण्यांतील प्रौढ पुरुषांचा दिवस १२ तासांवर आणण्यास १९११ चा कायदा लागला. पुढे १९२२ साली आठवड्याला ६० तास, १९३४ साली ५४ तास आणि १९४६ साली ४८ तास अशी मर्यादा झाली. यातील शेवटचा टप्पा आला तेव्हा व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर खाते बाबासाहेबांकडे होते. बाजाराने आपखुशीने एक तासही कमी केलेला नाही.

१९२९ साली अमेरिकेचा शेअरबाजार कोसळला आणि जगभर मंदी आली. १९३३ पर्यंत अमेरिकेत दर चार कामगारांमागे जवळजवळ एक बेकार होता. गोदामात माल होता, पण घेणाऱ्याच्या हातात पैसा नव्हता. त्यामुळे बाजार आपला आपण सावरेल, हा विश्वास डळमळला.

३. नियोजन : रशियाचा धडा

रशियात १९१७ साली क्रांती झाली. १९२१ साली मध्यवर्ती नियोजन मंडळ स्थापन झाले आणि १९२८ साली पहिली पंचवार्षिक योजना सुरू झाली. कारखाने, खाणी, बँका सरकारच्या मालकीच्या. कोणता कारखाना किती माल काढील, तो कोणाला, कोणत्या किमतीस देईल, हे मॉस्कोत ठरे. जग मंदीत होरपळत असता तिकडे पोलाद आणि विजेचे कारखाने उभे राहत होते. साक्षरता वाढली, स्त्रिया शिकल्या व कामावर गेल्या. १९५७ साली पहिला कृत्रिम उपग्रह आणि १९६१ साली पहिला माणूस त्यांनीच अंतराळात पाठवला. हे सारे खरे आहे.

त्याची किंमतही तितकीच खरी आहे. शहरे पोसण्यासाठी आणि यंत्रे विकत घेण्यासाठी खेड्यातील धान्य सक्तीने उचलण्यात आले आणि शेती सक्तीने सामूहिक करण्यात आली. १९३२-३३ च्या दुष्काळात युक्रेन, कझाकस्तान व अन्य भागांत लक्षावधी माणसे उपासमारीने मेली. त्या काळातही धान्याची निर्यात चालूच होती. डिसेंबर १९३२ मध्ये देशांतर्गत पारपत्राची पद्धत आली. सामूहिक शेतीवरील शेतकऱ्यांना ते सर्वसाधारणपणे मिळत नसे. आणि त्यावाचून गाव सोडून शहरात स्थायिक होता येत नसे. हा नियम १९७४ साली बदलण्यात आला. वाचकहो, येथे क्षणभर थांबा. गाव सोडता न येणे म्हणजे काय, हे आपल्या आजोबांस कुणी शिकवावे लागले नसते.

चीनमध्ये १९५८ नंतर असेच घडले. वरच्यांना खूष करण्यासाठी खालचे अधिकारी पिकाचे फुगवलेले आकडे कळवीत. त्या आकड्यांवर वसुली ठरे आणि शेतकऱ्याच्या घरी खायला उरत नसे. तेथेही लक्षावधी बळी गेले. १९७८ पासून चीनने बाजाराला वाट मोकळी करून दिली. सोव्हिएत संघराज्य डिसेंबर १९९१ मध्ये संपुष्टात आले.

हे का घडले? योजना आखणारे मूर्ख होते म्हणून नव्हे. कारखान्याचे यश टनांत मोजले, की जड माल काढणे सोयीचे होते. तो कुणाच्या उपयोगी पडतो की नाही, हे पाहण्याची गरज उरत नाही. चूक दिसली तरी ती सांगणाऱ्यास वर्तमानपत्र नाही, विरोधी पक्ष नाही, संपाचा हक्क नाही. मालक एकच आणि तोच न्यायाधीश. अशा ठिकाणी 'नाही' कोण म्हणणार?

४. बाबासाहेबांचा आराखडा

या दोन वाटांपैकी एक निवडा, असे जग सांगत असता बाबासाहेबांनी १९४७ साली शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशनच्या वतीने घटना समितीसाठी एक निवेदन तयार केले. 'स्टेट्स अँड मायनॉरिटीज' हे त्याचे नाव. त्याआधी १९४४ साली टाटा, बिर्ला आदी उद्योगपतींनी 'मुंबई योजना' मांडली होती. बाबासाहेबांचा आराखडा त्याहून निराळा होता. तो थोडक्यात असा : कळीचे उद्योग राज्याच्या मालकीचे व राज्याने चालवावयाचे. विमा सरकारी आणि प्रत्येक प्रौढासाठी सक्तीचा. शेती हा राज्याचा उद्योग. जमीन मोबदला देऊन राज्याने घ्यावी, तिचे ठराविक आकाराचे भाग पाडावेत, आणि जात-धर्म न पाहता गावकऱ्यांच्या गटांना सामूहिक कसण्यास द्यावेत. पाणी, बियाणे, अवजारे राज्याने पुरवावीत. जमीनदार उरू नये, कूळ उरू नये आणि भूमिहीन मजूरही उरू नये.

यात रशियापेक्षा वेगळे काय? वेगळे हे की, ही व्यवस्था हुकूमशाहीने नव्हे, तर संविधानाने आणावयाची होती. मतपेटी राहणार, न्यायालय राहणार, मूलभूत हक्क राहणार. आणि आज आलेल्या बहुमताला उद्या ही व्यवस्था मोडता येऊ नये, म्हणून ती घटनेतच लिहावयाची. नोव्हेंबर १९५६ मध्ये काठमांडू येथील जागतिक बौद्ध परिषदेत बुद्ध आणि मार्क्स यांच्याविषयी बोलताना त्यांनी हाच भेद स्पष्ट केला. शोषण थांबवण्याचे ध्येय त्यांना मान्य होते; हिंसा आणि हुकूमशाही ही साधने मान्य नव्हती.

हा आराखडा संविधानात जसाच्या तसा आला नाही. त्याची छाया मार्गदर्शक तत्त्वांत, विशेषतः ३९ व्या कलमात, दिसते; पण त्या तत्त्वांसाठी न्यायालयात जाता येत नाही. देशाने मिश्र अर्थव्यवस्था पत्करली. १९५० साली नियोजन आयोग आला, १९५१ साली पहिली योजना सुरू झाली, १९५६ साली आयुर्विम्याचे आणि १९६९ साली १४ बँकांचे राष्ट्रीयीकरण झाले. जमिनीचा प्रश्न मात्र बव्हंशी राहून गेला. सरकारी कारखाने आणि बँका यांत राखीव जागांमुळे आपल्या एका पिढीला पगारपत्रक मिळाले, निवृत्तिवेतन मिळाले, मुलांस महाविद्यालय दिसले. १९९१ नंतर धोरण बदलले, आणि नियोजन आयोगाची जागा १ जानेवारी २०१५ पासून नीती आयोगाने घेतली.

५. आपल्या दारचे उदाहरण

आता नवी मुंबईकडे पाहू. १९६५ साली चार्ल्स कोरिया, प्रविणा मेहता आणि शिरीष पटेल यांनी खाडीपलीकडे नवे शहर वसवण्याची कल्पना मांडली. १७ मार्च १९७० रोजी सिडको स्थापन झाली. ती राज्य सरकारच्या मालकीची कंपनी आहे. ठाणे, पनवेल आणि उरण भागांतील ९५ गावे, सुमारे ३४४ चौरस किलोमीटर क्षेत्र, या योजनेत आले.

पैसा कोठून यावयाचा? सरकारने दिलेले मूळ भांडवल ३ कोटी ९५ लाख रुपये होते. बाकीचा पैसा जमिनीतून उभारावयाचा, असा बेत. शेतकऱ्याची जमीन कायद्याने ठरलेल्या दराने घ्यावयाची, रस्ते-पाणी करून ती चढ्या दराने विकावयाची आणि त्या नफ्यातून शहर बांधावयाचे. म्हणजे जमीन घेताना सत्ता नियोजनाची आणि विकताना भाव बाजाराचा! यातून शहर उभे राहिले, हे नाकारता येणार नाही. १९९२ साली मानखुर्दहून वाशीस रेल्वे आली, तिच्या खर्चाचा ६७ टक्के वाटा सिडकोने उचलला होता. सोडतीत घर लागते तेव्हा शेजार जात पाहून ठरत नाही. गावकुसाबाहेरच्या वस्तीतून आलेल्या कुटुंबाला याचे मोल कळते.

पण ज्यांची भातशेती व मिठागरे गेली, त्या आगरी-कोळी आणि अन्य गावकऱ्यांना योजना आखताना कुणी विचारले होते? दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली ते उभे राहिले. १६ व १७ जानेवारी १९८४ रोजी जासई परिसरात गोळीबार झाला आणि पाच शेतकरी हुतात्मे झाले. त्यानंतर १९९० साली संपादित जमिनीच्या साडेबारा टक्के विकसित भूखंड परत देण्याचा निर्णय झाला. नकाशात नसलेला हा हक्क 'नाही' म्हणणाऱ्यांनी मिळवला. मात्र येथेही पाया सातबाऱ्याचा होता. ज्याचे नाव सातबाऱ्यावर नाही, त्याचा दावा मागे पडतो. दिघा-तुर्भ्याच्या डोंगरकडेला, दगडखाणींच्या आसपास जे मजूर वस्ती करून राहिले, त्यांच्याही श्रमांवर हे शहर चढले. पण त्यांचे घर नकाशात नव्हते.

६. तात्पर्य

इतिहास सांगतो तो असा. वतनाने आपल्याला बांधले. बाजाराने बांध सोडला, पण विणकाम खात्याचे दार बंद ठेवले. सक्तीच्या नियोजनाने भाकरीचे वचन दिले आणि जीभ काढून घेतली. मालक शेठ असो वा सरकार, ज्याच्याजवळ जमीन नाही, भांडवल नाही, त्याचे संरक्षण कायद्यात लिहिलेल्या हक्काने आणि तो वापरणाऱ्या संघटित माणसांनीच होते.

म्हणून प्रत्येक कुटुंबाने निदान एवढे करावे. कंत्राटी कामावर असाल तरी पगाराचा लेखी पुरावा मागा आणि भविष्य निर्वाह निधीचा क्रमांक लिहून ठेवा. घराची, भूखंडाची, वस्तीच्या नोंदीची कागदपत्रे घरातील स्त्रीलाही वाचून दाखवा. महापालिकेचा वा सिडकोचा आराखडा हरकतींसाठी प्रसिद्ध होतो, तेव्हा मुदतीत लेखी हरकत द्या; एकट्याने नव्हे, वस्तीने मिळून द्या.

घरात चर्चेसाठी प्रश्न

१) आपल्या घरातील वडीलधाऱ्यांनी गाव केव्हा व का सोडले? ते त्यांना कशामुळे शक्य झाले?

२) विणकाम खात्याच्या उदाहरणावरून बाजार आणि जात यांच्या संबंधाविषयी काय दिसते?

३) १९४७ च्या आराखड्यात बाबासाहेबांनी मतपेटी आणि न्यायालय का कायम ठेवले?

४) आपल्या घरातील मिळवत्या माणसाला कामावर अन्याय झाला, तर 'नाही' म्हणण्यासाठी त्याच्या हाती आज नेमके काय आहे? त्याची यादी करा.

जय भीम.