दुखावलेले मन आणि कायदा



काही आठवड्यांपूर्वी रविवारच्या दुसऱ्या मिस्सानंतर आपल्यातलाच एक तरुण सॅक्रिस्टीत आला. त्याच्या मोबाईलवर आलेल्या एका चित्रात प्रभू येशूची थट्टा केलेली होती. "फादर, केस करायची का? त्यासाठी कायदा आहे ना?" त्याचा आवाज थरथरत होता. त्या दिवशी घाईत मी अर्धवट उत्तर दिले. आज ते पूर्ण करतो.

सेमिनरीत तत्त्वज्ञान शिकताना आम्हांला एक सवय लावली जायची : आधी भेद करा, मग उत्तर द्या. या विषयात दोन भेद ध्यानात ठेवू या.

पहिला भेद : मन दुखावणे आणि द्वेष पसरविणे

आपल्या राज्यघटनेचे कलम १९ प्रत्येक नागरिकाला बोलण्याचे स्वातंत्र्य देते. आणि सार्वजनिक सुव्यवस्था, सभ्यता अशा कारणांसाठी त्यावर वाजवी निर्बंध घालण्याची मुभाही देते. १ जुलै २०२४ पासून जुन्या दंडसंहितेच्या जागी भारतीय न्याय संहिता आली. पूर्वीच्या १५३-अ ऐवजी आता कलम १९६ आहे. धर्म, जात, भाषा, जन्मस्थान अशा कारणांवरून समाजगटांत वैर वाढविणाऱ्याला ३ वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. मोबाईलसारख्या इलेक्ट्रॉनिक माध्यमाचाही त्यात समावेश आहे. पूर्वीच्या २९५-अ ऐवजी आता कलम २९९ आहे. धार्मिक भावनांचा जाणूनबुजून व दुष्ट हेतूने अपमान करणे हा त्याखाली गुन्हा ठरतो.

'जाणूनबुजून' आणि 'दुष्ट हेतूने' हे शब्द पुन्हा वाचा. १९५७ मध्ये रामजीलाल मोदी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, अजाणतेपणी किंवा निष्काळजीपणे झालेला अपमान या कलमात बसत नाही. शब्दांचा परिणाम कोणाच्या नजरेने मोजायचा, याचीही कसोटी आहे. नागपूर उच्च न्यायालयात न्यायमूर्ती विवियन बोस यांनी ती घालून दिली आणि 'तमस' मालिकेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९८८ मध्ये ती मान्य केली. समंजस व खंबीर मनाच्या माणसावर काय परिणाम होईल ते पाहायचे; प्रत्येक टीकेत धोका दिसणाऱ्या माणसाच्या नजरेने पाहायचे नाही.

म्हणजे आपल्याला वाईट वाटले, एवढ्यावरून गुन्हा सिद्ध होत नाही. मात्र "यांना गावातून हाकला, यांना मारा" अशी चिथावणी कोणी देत असेल, तर गप्प बसू नये. तो मजकूर पुढे न पाठविता जपून ठेवावा आणि पोलीस ठाण्यात जावे. अशा भाषणांबाबत तक्रारीची वाट न पाहता स्वतःहून गुन्हा नोंदवावा, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२३ मध्ये सर्व राज्यांना दिला होता.

आणि एक गोष्ट स्वतःला सांगतो. हेच वैर प्रार्थनास्थळात किंवा धार्मिक विधीसाठी जमलेल्या लोकांत पसरविले, तर शिक्षा ५ वर्षांपर्यंत जाते. पुलपिटवर उभे राहणाऱ्याने जीभ अधिक जपावी, असे कायद्यालाही वाटते!

दुसरा भेद : क्षमा आणि न्याय

द्वेष जिभेवरून हातात उतरला की काय होते, हे आपण १९९९ च्या जानेवारीत पाहिले. ओडिशातील मनोहरपूर गावी कुष्ठरुग्णांची सेवा करणारे ग्रॅहम स्टेन्स आणि त्यांची मुले फिलिप व टिमथी गाडीत झोपले होते. जमावाने त्यांना जिवंत जाळले. त्यांच्या पत्नी ग्लॅडिस यांनी मारेकऱ्यांना क्षमा केल्याचे जाहीर केले. काहींना वाटले, आता खटला कशाला?

पण खटला चालला. प्रमुख आरोपी दारासिंग याला २००३ मध्ये फाशीची शिक्षा झाली, २००५ मध्ये उच्च न्यायालयाने ती जन्मठेपेवर आणली आणि जानेवारी २०११ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने जन्मठेप कायम केली. ग्लॅडिसबाईंनी त्यांच्या मनातला सूड सोडून दिला. ते त्यांच्याच हाती होते. उद्या दुसऱ्या कुटुंबावर अशी रात्र येऊ नये, हे पाहणे राज्याचे काम होते. क्षमा केली म्हणून साक्ष द्यायचे टाळू नये, आणि साक्ष दिली म्हणून क्षमा खोटी ठरत नाही.

आता नव्या संहितेच्या कलम १०३ मध्ये पाच किंवा अधिक जणांनी मिळून जात, समाज, भाषा, वैयक्तिक श्रद्धा अशा कारणांवरून केलेल्या खुनाला वेगळे स्थान दिले आहे. शिक्षा जन्मठेप किंवा मृत्युदंड आहे.

कायदा जिभेपर्यंत आणि हातापर्यंत पोहोचतो. डोंगरावरील प्रवचनात प्रभू येशू त्याही मागे, मनातल्या रागापाशी जातो. त्या तरुणाला मी आता विचारीन : ते चित्र पाहून तू रागावलास, ठीक आहे. पण दुसऱ्या धर्माची, परप्रांतीयांची टर उडविणारे चित्र आपल्याच ग्रुपवर येते, तेव्हा तू काय करतोस?

कुटुंबात चर्चेसाठी :

१. या महिन्यात एखाद्या समाजाविषयी आपण कोणता संदेश खात्री न करता पुढे पाठविला?

२. आपल्या घरात कोणत्या लोकांविषयी मुलांसमोर तुच्छतेने बोलले जाते?

३. कोणाला क्षमा करायची आहे, आणि कोणासाठी न्याय मागायचा आहे?

प्रभू आपल्या जिभेचे व हृदयाचे रक्षण करो.

– तुमचे प्रमुख धर्मगुरू