भागीदारी मुदतीआधी मोडते तेव्हा

चिंचवडच्या पलीकडे, पवनाकाठच्या आमच्या थेरगावात पत्र्याच्या शेडमध्ये चालणारे लेथचे छोटे कारखाने पुष्कळ आहेत. त्यांतील काही दोघा मित्रांच्या भागीदारीत चालतात. माझ्या मामांनीही एका मित्राबरोबर पाच वर्षांच्या कराराने असाच धंदा मांडला होता. मित्राची गिऱ्हाइके आधीपासून बांधलेली, म्हणून भागीदारीत शिरताना मामांनी त्यांस भांडवलाखेरीज एक लाख रुपये दिले. दोन वर्षांतच दोघांचे बिनसले. "अरे, सही करून मोकळा होतो, कटकट नको," असे म्हणत मामांनी फारकतीचा कागद माझ्यापुढे ठेवला. मी कला शाखेचा विद्यार्थी. पण त्या कागदाने मला १९३२ चा भारतीय भागीदारी कायदा वाचावयास लावला.

पहिली गोष्ट अशी की, भांडण झाले म्हणजे कर्तव्य संपत नाही. भागीदारांनी एकमेकांशी प्रामाणिक राहावे व खरा हिशेब द्यावा, असे कलम ९ सांगते. फर्म मोडल्यावरही व्यवहाराची आवराआवर पूर्ण होईपर्यंत एकाने फर्मचे नाव वा मालमत्ता स्वतःच्या फायद्यासाठी वापरू लागल्यास दुसरा त्यास न्यायालयातून रोखू शकतो (कलम ५३).

वाटणीचा क्रम कलम ४८ मध्ये आहे. समजा, सर्व विकून ५ लाख आले. प्रथम बाहेरची देणी, समजा २ लाख. मग भागीदाराने फर्मला दिलेले कर्ज, ५० हजार. नंतर भांडवल: एकाचे दीड लाख, दुसऱ्याचे ५० हजार. उरलेले ५० हजार नफ्याच्या प्रमाणात. तोटा असेल, तर तोही अखेर याच प्रमाणात सोसावा लागतो.

आता त्या एक लाखाविषयी. ठरलेल्या मुदतीआधी फर्म मोडली, तर प्रवेशासाठी दिलेल्या अशा रकमेचा वाजवी भाग परत मिळतो (कलम ५१). मात्र भागीदाराच्या मृत्यूने फर्म मोडली असेल किंवा मुख्यतः रक्कम देणाऱ्याच्याच गैरवर्तनाने मोडली असेल, तर नाही. आणि फारकतीच्या करारात परतीचा उल्लेखच नसेल, तरीही नाही! मामांच्या कागदात तो नव्हता.

दुसरी उणीव जाहीर नोटिशीची. ती दिली जाईपर्यंत, फर्म मोडल्याचे ठाऊक नसलेल्या दुकानदाराकडून एकाने फर्मच्या नावे माल उचलला, तर दुसराही देणेकरी ठरू शकतो (कलम ४५). ही नोटीस राजपत्रात व जिल्ह्यातील किमान एका देशी भाषेच्या वृत्तपत्रात द्यावी लागते. फर्म नोंदलेली असेल तर निबंधकासही कळवावे लागते.

मामांची फर्म नोंदलेली नव्हती. "मग कोर्ट आपले ऐकणारच नाही," हा त्यांचा समज निराधार नव्हता. १९८४ च्या महाराष्ट्र दुरुस्तीने नोंदणी नसलेल्या फर्मच्या भागीदारास विसर्जनाचा वा हिशेबाचा दावाही सामान्यतः बंद केला होता. २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती तरतूद घटनाबाह्य ठरविली. आता असा दावा करता येतो. मात्र विसर्जनापासून तीन वर्षांच्या आत.

कोर्टाची पायरी चढावी लागली नाही. एका रविवारी दोघे त्याच शेडमध्ये वह्या घेऊन बसले. आकडे मी मांडले. मामांनी सही केली, पण कागदात दोन वाक्ये वाढवून: एक रकमेच्या परतीचे, दुसरे जाहीर नोटिशीचे.

मित्रहो, भागीदारी शब्दाने जुळते आणि रागाने मोडते. पण ती संपते मात्र हिशेबानेच.