कॉन्टॅक्ट लेन्सजन्य वर्त्मशोथ व पिडका : निदानपरिवर्जन हीच प्रथम चिकित्सा

प्रस्तावना

आचार्य सुश्रुतांनी उत्तरतंत्रात ७६ नेत्ररोग वर्णिले असून त्यांपैकी २१ रोग वर्त्मगत म्हणजे पापण्यांच्या आश्रयाने होणारे आहेत. त्यांतील पोथकी या व्याधीचा समन्वय आपल्या पाठ्यपुस्तकांतून बहुधा ट्रॅकोमाशी, म्हणजे खुपऱ्यांशी केला जातो. परंतु ऑक्टोबर २०२४ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने भारतात ट्रॅकोमा ही सार्वजनिक आरोग्याची समस्या उरली नसल्याचे घोषित केले. असे असूनही शहरी चिकित्सालयात कंडू, चिकट स्राव व वरच्या पापणीच्या आतील पिडका अशी पोथकीसदृश लक्षणे घेऊन तरुण रुग्ण येतात. त्यांना 'चष्मा की लेन्स?' एवढा एक प्रश्न विचारला, तरी अनेकदा व्याधीचे मूळ हाती लागते.

प्रस्तुत लेखात या लेन्सजन्य व्याधीचा उभय शास्त्रांच्या आधारे विचार केला आहे. आधुनिक नेत्रवैद्यकात यास जायंट पॅपिलरी कंजंक्टिव्हायटिस असे नाव आहे. सौम्य पाण्यासारख्या मऊ लेन्स १९७० च्या दशकाच्या आरंभी बाजारात आल्या व १९७४ मध्येच मऊ लेन्स वापरणाऱ्यांतील या विकाराची पहिली नोंद ऑस्ट्रेलियातून प्रसिद्ध झाली. १९७७ मध्ये अमेरिकेतील ॲलनस्मिथ व त्यांच्या सहकाऱ्यांनी त्याचे सविस्तर वर्णन केले.

निदान व संप्राप्ति

या व्याधीची दोन कारणे परस्परांना साहाय्यभूत होतात. पहिले कारण घर्षण. मनुष्य जागेपणी मिनिटाला सुमारे १२ ते १५ वेळा पापण्या मिटतो. बारा तास लेन्स डोळ्यात असेल, तर वरच्या पापणीचा आतील पृष्ठभाग तिच्यावरून आठ ते दहा हजार वेळा घासला जातो. दुसरे कारण लेन्सवर साचणारा मल. अश्रूंतील प्रथिने लेन्सच्या पृष्ठभागावर चिकटतात, त्यांचे स्वरूप बदलते व शरीर त्यांना परकीय मानू लागते. घर्षणाने क्षत झालेल्या श्लेष्मल आवरणातून या द्रव्यांना प्रवेश मिळतो आणि ॲलर्जीस्वरूप प्रतिक्रिया सुरू होते. म्हणूनच केवळ लेन्सधारकांतच नव्हे, तर कृत्रिम डोळा बसविलेल्या अथवा शस्त्रकर्मानंतर टाक्याचे टोक वर राहिलेल्या रुग्णांतही हाच विकार आढळतो.

आयुर्वेदीय दृष्टीने अभिघात हा सन्निकृष्ट हेतू होय. सुश्रुतांनी नेत्ररोगांच्या सामान्य हेतूंत अभिघात, स्वप्नविपर्यय व सूक्ष्मनिरीक्षण यांचा उल्लेख केला आहे. रात्री उशिरापर्यंत संगणकासमोर लेन्स लावून बसणाऱ्या रुग्णांत हे तीनही हेतू एकत्र सापडतात. कंडू, गौरव व पिच्छिल स्राव ही कफाची, तर राग व दाह ही रक्तपित्ताची लक्षणे दिसतात. अतः कफप्रधान, रक्तपित्तानुबंधी अशी संप्राप्ति मानणे आम्हास युक्त वाटते. तथापि प्राचीन आचार्यांसमोर लेन्स हा हेतू नव्हता. म्हणून 'हीच पोथकी' असे न म्हणता 'पोथकीसदृश आगंतु व्याधी' असे म्हणणे अधिक प्रामाणिक होईल.

लक्षणे

१. लेन्स काढल्यानंतर वाढणारी कंडू. हे बहुधा आरंभीचे लक्षण असते.
२. सकाळी डोळ्याच्या कोपऱ्यात चिकट, तंतुमय स्राव.
३. लेन्स लवकर मळणे व त्यामुळे अंधुक दिसणे.
४. लेन्स जागेवरून हलणे, विशेषतः वर सरकणे.
५. लेन्स सहन होण्याचा काळ घटणे. पूर्वी दिवसभर चालणारी लेन्स दोन-तीन तासांत नकोशी होते.
६. वाढलेल्या अवस्थेत पापणी जड होणे व किंचित खाली उतरणे.

परीक्षण

वरची पापणी उलटून पाहिल्याखेरीज हा व्याधी दिसत नाही. केवळ खालची पापणी ओढून 'किंचित लाली आहे' असा निष्कर्ष काढल्यास निदान हमखास हुकते. रुग्णास खाली पाहावयास सांगावे, वरच्या पापणीचे केस हलकेच धरावेत, पापणीच्या कडेपासून सुमारे एक सेंटिमीटर वर कापसाची काडी टेकवून पापणी उलटावी. लेन्स आधी काढलेली असावी व हात स्वच्छ धुतलेले असावेत. विजेरी व भिंग एवढी साधने प्राथमिक परीक्षणास पुरतात.

निरोगी पापणीचा आतील भाग गुळगुळीत, गुलाबी व ओलसर असतो. या व्याधीत तेथे फरशीच्या तुकड्यांप्रमाणे एकमेकांस लागून पिडका दिसतात. ०.३ मिलिमीटरहून मोठी पिडका विकृत समजावी. पूर्वी एक मिलिमीटरची मर्यादा मानली जात असे. प्रत्येक पिडकेच्या मध्यभागी रक्तवाहिनीचा ठिपका असतो, हे महत्त्वाचे चिन्ह होय.

व्यवच्छेदक निदान

ट्रॅकोमातील दाणे फिकट असतात व रक्तवाहिन्या त्यांच्या मध्यातून नव्हे तर भोवतीने जातात. जुन्या रुग्णांत वरच्या पापणीच्या आत पांढरी व्रणरेषा आढळते. उन्हाळ्यात बळावणारा वसंतऋतुजन्य नेत्राभिष्यंद प्रायः लहान मुलांत, विशेषतः मुलग्यांत होतो व त्यात लेन्सचा इतिहास नसतो. पापणीच्या कडेवरील एकच दुखरी गाठ ही अंजननामिका अर्थात रांजणवाडी, तर न दुखणारी कठीण गाठ लगण समजावी.

सर्वांत महत्त्वाचा भेद मात्र कृष्णमंडलाच्या व्रणाशी करावा लागतो. लेन्सधारक रुग्णात कंडूऐवजी वेदना प्रमुख असेल, प्रकाश सहन होत नसेल, दृष्टी कमी झाली असेल किंवा कृष्णमंडलावर पांढुरका डाग दिसत असेल, तर तो जंतुसंसर्गजन्य व्रणच आहे असे गृहीत धरावे. स्यूडोमोनास जंतूंचा व्रण एक-दोन दिवसांत दृष्टी घालवू शकतो. नळाच्या पाण्यातील अकँथअमीबाचा संसर्ग महिनोन्‌महिने छळतो. अशा रुग्णास कोणतेही आश्च्योतन, अंजन वा सेक न करता, डोळ्यावर पट्टी न बांधता, त्याच दिवशी नेत्ररोगतज्ज्ञाकडे पाठवावे. लेन्स व तिची डबी रुग्णाबरोबर द्यावी, तपासणीस ती उपयोगी पडते.

चिकित्सा

निदानपरिवर्जन हीच संक्षेपाने चिकित्सा होय, हे सूत्र आपण सर्वच व्याधींना लावतो. परंतु सुश्रुतांनी ते उत्तरतंत्राच्या पहिल्या अध्यायात, नेत्ररोगांच्याच संदर्भात सांगितले आहे, याचे विस्मरण होऊ नये. या व्याधीत त्या सूत्राचा अर्थ एकच : लेन्स बंद. साधारणतः दोन ते चार आठवडे, तीव्र अवस्थेत त्याहून अधिक काळ चष्मा वापरावा. कंडू व स्राव काही दिवसांतच ओसरू लागतात. पिडका मात्र लक्षणे शमल्यावरही कित्येक आठवडे, क्वचित महिने दिसत राहतात. म्हणून पहिल्या आठवड्यातील आरामाचे श्रेय औषधाला देण्याची घाई करू नये व पिडका शिल्लक आहेत म्हणून औषधाचा माराही करू नये.

पोथकीत सुश्रुतांनी लेखन कर्म सांगितले आहे. लेन्सजन्य पिडकांत मात्र ते करू नये असे आमचे स्पष्ट मत आहे. हेतू दूर होताच पिडका स्वतः मावळू लागतात, आणि लेखनाने होणारा क्षत हा मूळच्या अभिघातात भरच घालील.

आभ्यंतर चिकित्सेत अग्नी व कोष्ठ पाहून रात्री त्रिफळा चूर्ण कोष्ण जलासह द्यावे. कंडू अधिक असल्यास हरिद्राखंडाचा विचार करावा. बाह्यतः स्वच्छ थंड पाण्याच्या घड्या मिटलेल्या डोळ्यांवर ठेवाव्यात. लोध्र, यष्टीमधु व दारुहरिद्रा यांचा बिडालक पापणीच्या बाहेरील बाजूस, केस वर्ज्य करून लावता येतो. तो वाळण्यापूर्वी ओल्या कापसाने पुसावा. शोथ व स्राव असेपर्यंत तर्पण व तीक्ष्ण अंजन वर्ज्य करावे. डोळ्यात घालावयाचे औषध निर्जंतुक व सीलबंद असेल तरच वापरावे. घरी केलेला काढा, मध वा गुलाबजल डोळ्यात घालू देऊ नये. २०२३ मध्ये अमेरिकेत दूषित कृत्रिम अश्रूंच्या थेंबांमुळे काही रुग्णांची दृष्टी गेली, काही दगावले. कारखान्यात तयार झालेल्या थेंबांची ही कथा, तर घरगुती काढ्याचे काय सांगावे!

कंडू व शोथ तीव्र असल्यास नेत्रतज्ज्ञ ॲलर्जीरोधक थेंब अथवा अल्पकाळ स्टेरॉइड देतात. त्यात व्यत्यय आणू नये.

एक रुग्णा

वय २३, महाविद्यालयीन विद्यार्थिनी. महिनाभराची लेन्स चार महिने वापरीत होती. कंडूसाठी पूर्वीच्या जुन्या चिठ्ठीवरील स्टेरॉइडयुक्त थेंब औषध दुकानातून आणून ती तीन महिने घालीत असे. थेंब घातले की आराम, थांबवले की पुन्हा कंडू. पापणी उलटताच दाट पिडका दिसल्या. नेत्रतज्ज्ञांकडे पाठविले असता नेत्रगत दाब वाढलेला आढळला. त्यांच्या देखरेखीखाली थेंब थांबविले, लेन्स बंद केली, आमच्याकडून त्रिफळा व पथ्य एवढेच दिले. तीन आठवड्यांत कंडू गेली, पुढे दाबही पूर्ववत झाला. पिडका सपाट व्हावयास मात्र तीन महिने लागले. आता ती चष्मा वापरते व समारंभापुरती रोज टाकून देण्याची लेन्स लावते.

पुन्हा लेन्स केव्हा व कशी?

लक्षणे पूर्णतः शमल्यावर नेत्रतज्ज्ञांच्या सल्ल्यानेच. जुनी लेन्स पुन्हा वापरू नये. रोज बदलावयाची लेन्स श्रेयस्कर, कारण तिच्यावर मल साचण्यास अवधी मिळत नाही. काहींना कठीण, वायुपारगम्य लेन्स मानवते. कृष्णमंडल शंकूसारखे पुढे येणाऱ्या विकारात लेन्सविना रुग्णाचे चालत नाही. तेथे परस्पर बंदी न घालता तज्ज्ञांशी बोलून मार्ग काढावा.

पथ्यापथ्य : लेन्स लावून झोपू नये, पोहू नये, स्नान करू नये. नळाच्या पाण्याने वा लाळेने ती कधीही ओली करू नये. रोज नवे द्रावण घ्यावे, कालच्यात भर घालू नये. लेन्स तळहातावर बोटाने चोळून धुवावी. डबी कोरडी करून ठेवावी व दर तीन महिन्यांनी बदलावी. काजळ पापणीच्या आतील कडेस भरू नये. लग्नसराईत केवळ हौसेसाठी रंगीत लेन्स वापरणाऱ्यांनाही हेच नियम लागू आहेत. मैत्रिणींत लेन्सची अदलाबदल तर सर्वथा वर्ज्य.

औषध दुकानदार बंधूंना विनंती

कंडूची तक्रार घेऊन येणारा रुग्ण प्रथम आपल्या दुकानात येतो, मग आमच्याकडे. त्यास लेन्सबद्दल विचारावे. असल्यास 'आजपासून काढून ठेवा' एवढे जरी सांगितले, तरी निम्मी चिकित्सा आपल्या हातून झाली. स्टेरॉइडयुक्त थेंब शेड्यूल एच मधील आहेत. ते जुन्या चिठ्ठीवर पुन्हा पुन्हा देऊ नयेत. लेन्सचे द्रावण विकताना डबी बदलण्याची आठवण द्यावी. वेदना व अंधुक दृष्टी सांगणाऱ्यास थेंब न देता थेट नेत्रतज्ज्ञांकडे पाठवावे.

उपसंहार

या व्याधीत दृष्टी सहसा जात नाही. ती जाते ती दोन कारणांनी : व्रणाला कंडू समजल्याने आणि कंडूवर महिनोन्‌महिने स्टेरॉइड घातल्याने. दोन्ही टाळणे सामान्य चिकित्सकाच्या व औषध विक्रेत्याच्या आवाक्यात आहे. वैद्यबंधूंनी नेत्रकंडूच्या प्रत्येक तरुण रुग्णास लेन्सबद्दल विचारावे व वरची पापणी उलटून पाहावी, हीच विनंती.